दाद कुठे मागायची?

दंडाधिकाऱ्यांचा आदेश विरुद्ध गेला की गल्लीतला प्रत्येक जण सांगतो, ‘थेट हायकोर्टात जा!’ कौटुंबिक हिंसाचाराच्या प्रकरणात हा सल्ला बाईला बहुधा महागात पडतो. मी कवी, वकील नव्हे. पण मोहल्ल्यातल्या बहिणी कागद वाचून घ्यायला येतात. २००५चा हा कायदा सर्व धर्मांच्या स्त्रियांना सारखाच लागू आहे. मी त्यांना एकच विचारतो : आदेश चुकला आहे, की परिस्थिती बदलली आहे?

घरात राहण्याचा हक्क नाकारला, पोटगी तुटपुंजी ठरवली, तर तो आदेशावरचा आक्षेप. त्यासाठी कलम २९ : सत्र न्यायालयात अपील. मुदत ३० दिवस. दोघांपैकी ज्याला आदेश उशिरा बजावला, त्या दिवसापासून.

आदेश त्या वेळी योग्य होता, पण पुढे खर्च वाढला, नवऱ्याची मिळकत वाढली, तर अपील नको. कलम २५खाली त्याच दंडाधिकाऱ्यांकडे बदलाचा अर्ज करावा. बदल आदेशानंतरचाच हवा, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२४मध्ये स्पष्ट केले आहे.

नवरा ठरलेले पैसेच देत नसेल, तर या दोन्ही वाटा आपल्या नव्हेत; अंमलबजावणीचा अर्ज करावा. त्याने अपील केले म्हणून आदेश आपोआप थांबत नाही. स्थगिती वेगळी मिळवावी लागते.

हायकोर्टाचे दार बंद नाही, पण ती पहिली पायरी नव्हे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. आदेश मिळाल्याची तारीख मात्र त्याच दिवशी प्रतीवर लिहून ठेवा.