खुनी ठाऊक असताना

चिनी चित्रपट म्हटला की आपल्याकडील जाणकारांना ‘रेड सॉरघम’ आठवतो. १९८८ साली बर्लिनला त्याने सुवर्ण अस्वल पटकावले. पण ज्या शिआन स्टुडिओत तो घडला, तेथेच त्या सुमारास पोलिस आणि फरारी यांचे चित्रपटही निघत होते, हे मला परवापरवापर्यंत माहीत नव्हते.

कारण पैशाचे. सरकारी स्टुडिओंना आपला खर्च आपणच भागविण्याची वेळ आली, तेव्हा शिआनचे प्रमुख वू तिआनमिंग यांनी कलात्मक चित्रपटांच्या जोडीला गल्लाभरू चित्रपटही काढविले. झोऊ शिआओवेन या दिग्दर्शकाचा युद्धावरील पहिला चित्रपट अडकून पडला होता. त्याने १९८७ साली ‘अखेरचे वेड’ (नावांची भाषांतरे माझी) हा पाठलागपट केला, तो चालला. पुढच्याच वर्षीच्या ‘वेडाची किंमत’मध्ये धाकट्या बहिणीवर बलात्कार करणाऱ्याचा थोरली बहीण माग काढते. शेवटी तो पोलिसांच्या हाती लागतो आणि तरीही ती त्याला उंचावरून खाली लोटते. येथे हळहळावे की सुटकेचा श्वास टाकावा, मला ठरविता आले नाही.

परंतु मला खरा हलविला तो ली शाओहोंग या दिग्दर्शिकेच्या १९९०च्या सुमाराच्या ‘रक्ताळलेली पहाट’ने. मूळ कथा मार्केझची, १९८१ सालच्या कादंबरीतली. पहिल्याच रात्री नवरी माहेरी परत धाडली जाते, संशय गावच्या मास्तरावर येतो आणि तिचे दोघे भाऊ त्याला मारणार असे उघड सांगत हिंडतात. सगळे गाव ऐकते. कोणी अडवीत नाही.

बाईंनी ही कथा चीनमधील एका दरिद्री खेड्यात नेली, आणि तेथे एक गोष्ट घातली, तिला आपल्याकडे नेमका शब्द आहे: साटेलोटे. बहीण दिली म्हणून थोरल्या, वय उलटलेल्या भावाला त्या घरची मुलगी बायको म्हणून मिळाली होती. बहीण परत आली, तशी बायकोही गेली. कादंबरीत प्रश्न अब्रूचा आहे. येथे अब्रूच्या खाली गरिबीचा हिशेब आहे. मास्तर दोषी होता की नाही, हे शेवटपर्यंत सिद्ध होत नाही.

दुसऱ्यांदा पाहताना मी त्या भावांकडे फारसे पाहिलेच नाही. बघ्यांचे चेहरे तेवढे पाहत राहिलो.