आधी आपली खेळी, मग यंत्राची

चेन्नईचा दोम्मराजू गुकेश १२ डिसेंबर २०२४ रोजी सिंगापूरमध्ये चीनच्या डिंग लिरेनला हरवून बुद्धिबळाचा जगज्जेता झाला. तेव्हा तो अवघा १८ वर्षांचा होता. त्याचे वय, त्याचे अश्रू, त्याला मिळालेली बक्षिसे यांची चर्चा खूप झाली. त्याच्या शिक्षणातली एक महत्त्वाची गोष्ट मात्र त्या मानाने मागे राहिली. त्याचे प्रशिक्षक विष्णू प्रसन्ना यांनी त्याला ग्रँडमास्टरच्या पातळीपर्यंत, म्हणजे २५०० गुणांकनाच्या आसपास पोचेपर्यंत, बुद्धिबळाच्या संगणकीय प्रणालींपासून दूर ठेवले. ज्या काळात आठ-दहा वर्षांची मुलेही प्रत्येक डाव संपताच मोबाइलवर 'बरोबर खेळी कोणती होती' हे पाहतात, त्या काळात या मुलाने पटासमोर बसून स्वतःच्या डोक्याने उत्तरे शोधली. यंत्र आले ते नंतर.

हा निर्णय जुन्या वळणाचा हट्ट होता, की त्यामागे मेंदूच्या शिकण्याबद्दलचे काही शहाणपण होते? हा प्रश्न आता केवळ बुद्धिबळपटूंचा उरलेला नाही. कृत्रिम बुद्धिमत्ता शाळा, कचेऱ्या आणि रुग्णालये अशा सगळ्याच ठिकाणी शिरते आहे. आपल्यापेक्षा हुशार यंत्राबरोबर राहण्याचा सर्वांत जास्त अनुभव आज ज्या क्षेत्राकडे आहे, ते म्हणजे बुद्धिबळ. म्हणून या खेळाची गोष्ट सर्वांनीच समजून घ्यावी अशी आहे.

यंत्र मोजते, माणूस ओळखतो

डावाच्या सुरुवातीला पांढऱ्याला २० खेळ्या शक्य असतात आणि काळ्यालाही तितकीच उत्तरे. म्हणजे एकेक खेळी होताच पटावर ४०० वेगवेगळ्या स्थिती संभवतात. पुढे हा पसारा भराभर वाढत जातो. अमेरिकी गणितज्ञ क्लॉड शॅनन यांनी १९५० मध्ये संगणकाला बुद्धिबळ कसे शिकवता येईल यावर निबंध लिहिला. त्यात त्यांनी शक्य असलेल्या डावांचा ढोबळ अंदाज दिला होता : १ वर १२० शून्ये. इतके डाव तपासणे कोणत्याही यंत्राच्या आवाक्यात नाही. त्यामुळे संगणकाला काही खेळ्या पुढे पाहून, त्या स्थितीला गुण देऊन, निरुपयोगी फांद्या छाटत पुढे जावे लागते. बुद्धिबळाच्या अशा प्रणालीला खेळाडू 'इंजिन' म्हणतात.

माणूस असा खेळत नाही. डच मानसशास्त्रज्ञ आद्रियान द ग्रूट यांनी १९४० च्या दशकात खेळाडूंना मोठ्याने बोलत विचार करायला सांगितले. अव्वल खेळाडू इतरांपेक्षा फार खोलवर मोजत असतील, हा समज त्यातून डळमळला. फरक होता तो असा, की चांगली खेळी त्यांच्या नजरेत लवकर भरत असे. १९७३ मध्ये विल्यम चेस आणि हर्बर्ट सायमन या अमेरिकी संशोधकांनी त्याचे कारण शोधले. त्यांनी खऱ्या डावातली स्थिती पाच सेकंद दाखवून ती आठवणीने मांडायला सांगितली. निष्णात खेळाडूने बहुतेक सोंगट्या अचूक मांडल्या, नवख्याला मोजक्याच जमल्या. पण सोंगट्या पटावर कशाही विखरून ठेवल्या, तेव्हा निष्णात खेळाडूची आघाडी जवळपास नाहीशी झाली. म्हणजे त्याची स्मरणशक्ती मुळातच अफाट नव्हती. हजारो डाव खेळून आणि अभ्यासून त्याच्या मेंदूत ओळखीच्या रचना साठल्या होत्या. दाराशी आलेल्या रुग्णाची चाल आणि श्वास पाहून अनुभवी डॉक्टरच्या मनात निदानाची शक्यता उभी राहते, तीही अशाच साठवणीतून.

ही साठवण उसनी मिळत नाही, ती चुका करत आणि धडपडत जमवावी लागते. गुकेशच्या प्रशिक्षकांच्या निर्णयाचे मर्म इथे आहे.

पराभवानंतरचा खेळ

माणूस विरुद्ध यंत्र या लढाईचा निकाल कधीच लागला आहे. फेब्रुवारी १९९६ मध्ये फिलाडेल्फियात गॅरी कास्पारोव्हने आयबीएमच्या 'डीप ब्लू'ला ४-२ असे हरवले. पुढच्या वर्षी, ११ मे १९९७ रोजी, न्यूयॉर्कमध्ये त्याच यंत्राच्या सुधारित आवृत्तीने त्याला ३.५-२.५ असे नमवले. हे यंत्र सेकंदाला सुमारे २० कोटी स्थिती तपासू शकत होते. त्या सामन्यातला दुसरा डाव डॉक्टरांनीही लक्षात ठेवावा असा आहे. कास्पारोव्हने तो हरलेला मानून सोडून दिला. त्या स्थितीत सतत शह देत बरोबरी साधण्याची वाट होती, असे नंतरच्या विश्लेषणात दिसले. समोरचे यंत्र चुकणारच नाही, असे एकदा मनाने घेतले की माणूस स्वतः शोधणे थांबवतो.

२००६ मध्ये बॉनला तेव्हाचा जगज्जेता व्लादिमिर क्रामनिक 'डीप फ्रिट्झ'शी खेळला आणि ४-२ असा हरला. त्यातल्या एका डावात तर त्याला एका खेळीत होणारी मात दिसली नाही. यंत्र दमत नाही, घाबरत नाही, घड्याळाकडे पाहून गोंधळत नाही. आज जगज्जेत्यालाही साध्या मोबाइलवरच्या इंजिनापुढे जिंकण्याची आशा नसते.

डिसेंबर २०१७ मध्ये आणखी एक वळण आले. 'डीपमाइंड' या कंपनीच्या 'अल्फाझीरो'ला माणसांचे डाव शिकवलेच नव्हते. फक्त नियम सांगितले आणि त्याला स्वतःशीच लक्षावधी डाव खेळू दिले. २०१८ च्या शेवटी 'सायन्स' नियतकालिकात आलेल्या शोधनिबंधानुसार, 'स्टॉकफिश' या त्या काळच्या अव्वल इंजिनाविरुद्धच्या १००० डावांत त्याने १५५ जिंकले आणि फक्त ६ गमावले. लक्षणीय बाब म्हणजे स्टॉकफिश सेकंदाला सुमारे ६ कोटी स्थिती पाहत होते, तर अल्फाझीरो अवघ्या ६० हजार. कुठे पाहायचे हे त्याला कळू लागले होते. राजावर हल्ला चढवण्यासाठी कडेचे प्यादे पुढे रेटायचे, सोंगटी देऊन दीर्घकाळाचा दबाव घ्यायचा, अशा त्याच्या पद्धती पाहून मोठ्या खेळाडूंनी आपला खेळ बदलला. पुढे स्टॉकफिशनेही हे तंत्र आपल्या परीने आत्मसात केले.

यंत्रामुळे बुद्धिबळ संपेल, ही भीती मात्र खोटी ठरली. सप्टेंबर २०२४ मध्ये बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये भारताने खुल्या आणि महिला अशा दोन्ही गटांत सुवर्णपदक मिळवले. त्या संघांत नाशिकचा विदित गुजराथी आणि नागपूरची दिव्या देशमुख होते. दिव्या २०२५ मध्ये महिला विश्वचषक जिंकून ग्रँडमास्टर झाली. ही सगळी पिढी इंजिनाच्या काळातच वाढली आहे. मोटार माणसापेक्षा वेगाने धावते म्हणून धावण्याच्या शर्यती थांबल्या नाहीत, तसेच हे.

क्रम उलटला की काय बिघडते?

मग अडचण कुठे आहे? इंजिन उत्तर देते, कारण देत नाही. पडद्यावर 'अधिक ०.७' असा आकडा दिसतो, म्हणजे पांढऱ्याची बाजू प्याद्याच्या पाऊण किमतीइतकी सरस. ती का सरस आणि पुढच्या वळणावर काय करायचे, हे आकडा सांगत नाही. डाव संपताच आकडा पाहणाऱ्या मुलाला 'कळले' असे वाटते. प्रत्यक्षात त्याने फक्त वाचलेले असते. पुढच्या स्पर्धेत तशीच स्थिती किंचित बदलून समोर आली, की हात थबकतो.

यामागे स्मरणशक्तीचा एक चांगला तपासलेला नियम आहे. १९७८ मध्ये नॉर्मन स्लामेका आणि पीटर ग्राफ या मानसशास्त्रज्ञांनी दाखवून दिले, की नुसत्या वाचलेल्या शब्दांपेक्षा स्वतः डोके चालवून शोधलेले शब्द अधिक लक्षात राहतात. आयते उत्तर मेंदूवरून ओघळून जाते, धडपडून मिळवलेले मुरते. उत्तर चुकले तरी ही धडपड वाया जात नाही. आपण काय समजलो होतो आणि प्रत्यक्षात काय होते, यातली तफावतच शिकवून जाते. आधी अंदाजच बांधला नसेल, तर तफावत कशातून दिसणार?

याचा अर्थ यंत्र वाईट शिक्षक आहे असा नाही. अल्फाझीरोच्या जाळ्यातून माणसाला अपरिचित असलेल्या काही कल्पना वेगळ्या काढून त्या चार ग्रँडमास्टरना शिकवण्याचा प्रयोग झाला आहे. त्यांना आधी स्वतः स्थिती सोडवायला दिल्या, मग यंत्राच्या खेळ्या दाखवल्या आणि नंतर नव्या स्थिती दिल्या. चौघांचीही कामगिरी सुधारली. इथेही क्रम तोच होता : आधी आपली खेळी, मग यंत्राची.

रुग्णालयातला पट

वैद्यकशास्त्रात हाच प्रश्न अधिक गंभीर होतो, कारण इथे डाव पुन्हा मांडता येत नाही. कृत्रिम बुद्धिमत्तेचे फायदे खरे आहेत. स्वीडनमध्ये ८० हजार स्त्रियांच्या स्तन-तपासणीच्या चाचणीत, संगणकाच्या मदतीने क्ष-किरण चित्रे वाचल्यावर डॉक्टरांचे वाचनाचे काम ४४ टक्क्यांनी कमी झाले आणि कर्करोग ओळखण्याचे प्रमाण घटले नाही. छातीच्या एक्स-रेवरून क्षयरोगाचा संशय ओळखण्यासाठी जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ मध्ये १५ वर्षांवरील व्यक्तींकरिता अशा प्रणालींना मान्यता दिली. जिथे क्ष-किरणतज्ज्ञ नाही अशा ठिकाणी ही मोठीच सोय आहे.

पण नाण्याची दुसरी बाजूही समोर आली आहे. पोलंडमधल्या चार केंद्रांत मोठ्या आतड्याची दुर्बिणीने तपासणी करताना कृत्रिम बुद्धिमत्तेची मदत घेणे सुरू झाले. ती पडद्यावर संशयास्पद गाठीभोवती चौकट दाखवते. पुढे याच केंद्रांत जेव्हा मदतीविना तपासण्या झाल्या, तेव्हा कर्करोगपूर्व गाठी सापडण्याचे प्रमाण आधीच्या २८.४ टक्क्यांवरून २२.४ टक्क्यांवर आलेले दिसले. २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेला हा अभ्यास निरीक्षणात्मक आहे, त्यामुळे घट केवळ यंत्रामुळेच झाली असे छातीठोकपणे म्हणता येत नाही. शिवाय तपासणी करणारे डॉक्टर नवखे नव्हते, प्रत्येकाच्या गाठीशी हजारो तपासण्यांचा अनुभव होता. चौकट दिसेल या भरवशावर नजर सैल पडत असेल, तर ती अनुभवी माणसाचीही पडू शकते.

बुद्धिबळ आणि वैद्यक यांत एक मोठा फरक आहे. पटावर सगळ्या सोंगट्या दोघांनाही दिसतात. सात किंवा त्याहून कमी सोंगट्या उरल्या असतील, तर संगणकाकडे प्रत्येक स्थितीचे अंतिम आणि अचूक उत्तर तयार आहे. रुग्णाच्या बाबतीत अर्धा पट झाकलेला असतो. गोळ्या लिहून दिल्या होत्या, पण पैसे संपले म्हणून घेतल्या नाहीत. पोटात दुखते असे सांगितले, पण खरे दुखणे घरातल्या भांडणाचे आहे. सासूसमोर सून बोलत नाही. या सोंगट्या यंत्राला कोणी दाखवल्याशिवाय दिसत नाहीत. त्या शोधणारी नजर बोथट झाली, तर यंत्राचे उत्तर कितीही हुशार असले तरी ते अपुऱ्या पटावरचे उत्तर ठरेल.

घरी काय करता येईल?

मूल बुद्धिबळ शिकत असेल, तर डाव संपल्यावर इंजिन लगेच उघडू देऊ नये. कुठे अडलो, कुठे चुकलो असे वाटते, हे त्याने आधी वहीत लिहावे. जमल्यास प्रतिस्पर्ध्याबरोबर डाव पुन्हा मांडावा. त्यानंतर इंजिन जरूर पाहावे, पण फक्त आपण खूण केलेल्या जागांचे उत्तर तपासण्यासाठी. गणित आणि निबंध यांनाही हेच लागू आहे.

प्रकृतीच्या तक्रारी मोबाइलला विचारणाऱ्यांचेही प्रमाण वाढते आहे. त्यांनीही आधी कागद घ्यावा : त्रास कधी सुरू झाला, कशाने वाढतो, कशाने कमी होतो, कोणती औषधे चालू आहेत. तो कागद डॉक्टरांकडे न्यावा. यंत्राने काही सांगितले असेल तर तेही मोकळेपणाने सांगावे, चांगला डॉक्टर त्याने दुखावत नाही. मात्र छातीत दुखणे, धाप लागणे, तोंड वाकडे होणे, अचानक हातापायातले बळ जाणे, अशा वेळी यंत्राला विचारत बसू नये; थेट रुग्णालय गाठावे.

नव्या डॉक्टरांना शिकवणाऱ्या वरिष्ठांवरही एक जबाबदारी येते. एक्स-रेवर यंत्राचा अहवाल आलेला असला, तरी तो झाकून विद्यार्थ्याला आधी स्वतःचे निदान लिहायला लावावे. यात पाच मिनिटे जास्त जातील, आणि गर्दीच्या बाह्यरुग्ण विभागात पाच मिनिटे थोडी नसतात. पण वीज गेली, जाळे बंद पडले किंवा यंत्र चुकले, अशा रात्री रुग्णापुढे तोच विद्यार्थी उभा असणार आहे.