यूबारी

यूबारी : जपानच्या होक्काइडो बेटावरील, पूर्वी दगडी कोळशाच्या खाणींसाठी प्रसिद्ध असलेले शहर. लोकसंख्या ७,३३४ (२०२०). क्षेत्रफळ सु. ७६३ चौ. किमी. हे साप्पोरोच्या पूर्वेस सु. ६० किमी. अंतरावर, यूबारी नदी व तिच्या उपनद्यांच्या अरुंद खोऱ्यांत वसले आहे. येथील हिवाळा दीर्घ असून हिमवृष्टी विपुल होते. प्रत्येक खाणीच्या तोंडाशी स्वतंत्र वस्ती उभी राहिल्याने शहर दऱ्यांच्या कडेने लांबवर विखुरलेले आहे.

अमेरिकन भूवैज्ञानिक बेंजामिन स्मिथ लायमन याने १८७० नंतरच्या दशकात होक्काइडोची भूवैज्ञानिक पाहणी केली. त्याच्या हाताखाली काम केलेल्या बान इचितारो याला १८८८ मध्ये येथे सु. ७ मी. जाडीचा कोळशाचा थर उघड्यावर आढळला. १८९० मध्ये खाणकामास प्रारंभ झाला व १८९२ मध्ये लोहमार्ग आला. येथील कोळशापासून उत्तम प्रतीचा कोक तयार होत असल्याने पोलाद उद्योगाकडून त्यास मोठी मागणी होती. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सक्तीने आणलेल्या कोरियन व चिनी लोकांनाही येथील खाणींत राबविण्यात आले. १९४३ मध्ये यूबारीस शहराचा दर्जा मिळाला. १९६० मध्ये लोकसंख्या एक लाखाहून अधिक होती.

यूबारीचे जीवन खाण कंपन्यांभोवती गुंफलेले होते. कामगारांची चाळवजा घरे, पाणी, सार्वजनिक स्नानगृहे, रुग्णालय इ. सोयी बव्हंशी कंपन्याच पुरवीत. नोकरी सुटली की घरही सुटे. येथील कोळशाच्या थरांत मिथेन वायूचे प्रमाण मोठे असल्याने अपघातांची परंपराच निर्माण झाली. १९१४ मध्ये वाकानाबे खाणीतील स्फोटात चारशेहून अधिक कामगार मृत्यू पावले.

१९६० नंतर खनिज तेल व स्वस्त आयात कोळसा यांच्या स्पर्धेमुळे खाणी एकामागून एक बंद पडू लागल्या. १६ ऑक्टोबर १९८१ रोजी यूबारीच्या नव्या खाणीत वायूचा अकस्मात उद्रेक होऊन पाठोपाठ आग लागली. मृतांची संख्या ९३ झाली. त्यांत बचावपथकातील व्यक्तीही होत्या. आग आटोक्यात येईना, तेव्हा ५९ जण आतच असताना खाणीत पाणी सोडण्याचा निर्णय घेण्यात आला व त्यासाठी त्यांच्या कुटुंबीयांची संमती मागण्यात आली. शेवटचा मृतदेह मार्च १९८२ मध्ये बाहेर काढण्यात आला. त्याच वर्षी ही खाण बंद झाली. १९८५ मध्ये मिनामी-ओयूबारी खाणीतील स्फोटात ६२ जण दगावले. १९९० मध्ये ही अखेरची मोठी खाणही बंद झाली.

खाणी गेल्या, तरी त्यांचा भार शहरावर राहिला. कंपनीची घरे, रुग्णालय, पाणीपुरवठा इ. नगरपालिकेला ताब्यात घ्यावे लागले. ‘कोळशाकडून पर्यटनाकडे’ ही घोषणा देऊन महापौर नाकाता तेत्सुजी (कार्यकाल १९७९–२००३) यांनी कोळसा-इतिहासग्राम, क्रीडांगण, हॉटेले इ. प्रकल्प कर्ज काढून उभारले. पर्यटकांची संख्या अपेक्षेप्रमाणे टिकली नाही. अल्पमुदतीच्या कर्जांनी वार्षिक तूट झाकण्याची पद्धत मात्र वर्षानुवर्षे चालू राहिली. २००६ मध्ये ती उघडकीस आली. मार्च २००७ मध्ये यूबारी आर्थिक पुनर्रचनेखालील शहर ठरले व सु. ३५·३ अब्ज येनची तूट १८ वर्षांत भरून काढण्याची योजना अंमलात आली. २०१० मध्ये तिची जागा नव्या कायद्यानुसारच्या योजनेने घेतली. परतफेडीची मुदत मार्च २०२७ पर्यंत ठरविण्यात आली.

या योजनेचा भार उरलेल्या रहिवाशांनी उचलला. कर व शुल्के वाढली. नगरपालिकेची कर्मचारीसंख्या निम्म्याहून कमी झाली. १७१ खाटांच्या रुग्णालयाचे रूपांतर १९ खाटांच्या दवाखान्यात झाले. प्राथमिक व कनिष्ठ माध्यमिक शाळा प्रत्येकी एकच उरली. खाणींचा नफा संपल्यावर व कर्जे काढणारे प्रशासन बदलल्यावर जन्मलेली मुलेही याच लहान होत गेलेल्या सोयींत वाढली. २०११ मध्ये महापौर झालेले सुझुकी नाओमिची (२०१९ पासून होक्काइडोचे राज्यपाल) यांनी विखुरलेली वस्ती शिमिझुसावा भागात एकत्र आणण्याचे धोरण राबविले. यूबारीचा लोहमार्ग १ एप्रिल २०१९ रोजी बंद झाला.

शेतीत ‘यूबारी किंग’ हे नारिंगी गराचे खरबूज प्रसिद्ध असून २०१९ मध्ये त्याच्या एका जोडीस लिलावात ५० लाख येन किंमत आली. यामादा योजी यांच्या ‘द यलो हॅण्डकरचिफ’ (१९७७) या चित्रपटाचा शेवट येथे घडतो. त्या घराचे स्मारक जतन केले आहे. कोळसा-वस्तुसंग्रहालयाच्या परिसरात १८८८ मध्ये आढळलेला तो उघडा थर अजून पाहावयास मिळतो.