डोळ्यातले होकायंत्र

पृथ्वीचे चुंबकीय क्षेत्र फारच क्षीण, जागेनुसार सुमारे 25 ते 65 मायक्रोटेस्ला. फ्रिजच्या दारावरचे शोभेचे चुंबकही त्याहून कितीतरी जोरकस असते. तरीही युरोपातला रॉबिन हा चिमुकला पक्षी स्थलांतरात त्याचा आधार घेतो. फ्रँकफर्टचे वोल्फगांग विल्चको यांनी 1960 च्या दशकात पिंजऱ्याभोवती तारेची वेटोळी लावून चुंबकीय उत्तर वळवली, तेव्हा पक्ष्यांचा उडू पाहण्याचा रोखही वळला. मात्र उत्तर कोणती नि दक्षिण कोणती, हे रॉबिनला कळत नाही. क्षेत्ररेषांच्या कलावरून ध्रुवाची बाजू आणि विषुववृत्ताची बाजू एवढेच तो ओळखतो.

यासाठी प्रकाश लागतो. निळ्या-हिरव्या उजेडात दिशा बरोबर सापडते, लाल उजेडात पक्षी गोंधळतो. सर्वांत वजनदार तर्क असा, की निळ्या प्रकाशामुळे नेत्रपटलातील क्रिप्टोक्रोम प्रथिनात इलेक्ट्रॉनांच्या जोड्या तयार होतात आणि क्षेत्राच्या दिशेनुसार पुढची रासायनिक क्रिया बदलते. तसे असेल तर पक्ष्याला समोरच्या दृश्यावर फिकट-गडद छटा दिसत असावी. तिची छापली जाणारी चित्रे अर्थात कल्पनेचीच. ओल्डेनबुर्ग विद्यापीठाच्या आवारातल्या लाकडी खोल्यांत रॉबिनना दिशाच सापडेना. भिंतींना ॲल्युमिनियमचे पत्रे ठोकून अर्थिंग केल्यावर ती सापडू लागली. विद्युत उपकरणांचा रेडिओ-गोंगाट आड येत होता, हे 2014 मध्ये प्रसिद्ध झाले.

माणसांत, कॅल्टेकच्या जोसेफ किर्शविंक यांच्या गटाने 2019 मध्ये क्षेत्र फिरवताच काहींच्या मेंदूतील अल्फा लहरींचा जोर घटल्याचे नोंदवले. त्या व्यक्तींना स्वतःला मात्र काहीच जाणवले नव्हते.