गाडी मागून डोलते? मागचे शॉकअप ओळखावे कसे, निवडावे कसे, बदलावे कसे

मागच्या पावसाळ्यात वलीमा आटोपून आम्ही भंडाऱ्याकडे परतत होतो. गाडी आमची जुनी हॅचबॅक. पुढे दोघे, मागे अम्मी, खाला, वहिनी आणि मांडीवर दोन मुलं. डिक्कीत देगचीभर उरलेलं जेवण. धाकटा भाऊ चालवत होता, वेगही काही फार नव्हता. एका गावाजवळ पुढच्या ट्रकने ब्रेक लावला, भावानेही लावला. नेमका तिथे रस्ता उखडलेला. गाडीचा मागचा भाग एकदा उसळला, दुसऱ्यांदा उसळला आणि बाजूला सरकला. ट्रकच्या पाठीशी हातभर अंतर राहिलं तेव्हा गाडी थांबली. अल्हम्दुलिल्लाह, कुणाला ओरखडाही आला नाही, पण अम्मीचा हात घरी पोचेपर्यंत थरथरत होता.

दुसऱ्या दिवशी गाडीखाली वाकून पाहिलं तर मागचा डावा शॉकअप तेलाने माखलेला. उजवा नवा होता. आठ महिन्यांपूर्वी एका गॅरेजात "एकच खराब आहे, एकच बदला, पैसे वाचतील" असा सल्ला मिळाला होता आणि आम्हीही खुशीने मान डोलावली होती. वाचलेल्या पैशांची किंमत काय असते, ते त्या संध्याकाळी कळलं. आपल्या जिल्ह्यात घरोघरी अशी एखादी गाडी आहेच, म्हणून हा विषय सविस्तर मांडत आहोत.

शॉकअप वजन उचलत नाही

सगळ्यात मोठा गैरसमज हाच. गाडीचं वजन उचलते ती स्प्रिंग. खड्ड्यात चाक गेलं की स्प्रिंग दबते आणि परत उसळते. तिला मोकळं सोडलं तर ती वरखाली नाचतच राहील. ही नाच थांबवण्याचं काम शॉकअपचं.

शॉकअप म्हणजे तेलाने भरलेली नळी. आत दांड्याच्या टोकाला पिस्टन असतो आणि त्याला बारीक भोकं व झडपा असतात. दांडा वरखाली होताना तेल त्या भोकांतून जोराने ढकललं जातं. त्यात उसळीची ताकद खर्च होते आणि तिची उष्णता होते. म्हणून खराब रस्त्यावरून आल्यावर शॉकअपला हात लावला तर तो गरम लागतो. गरम लागणं ही चांगलीच खूण. एक गरम आणि दुसरा थंडगार असेल तर थंड असलेला काम करत नाही असं समजावं.

आतलं सील झिजलं की तेल बाहेर येतं, झडपा सैल होतात आणि पिस्टन नुसताच वरखाली फिरतो. अशा वेळी चाक रस्त्याला चिकटून राहत नाही, उड्या मारतं. जे चाक हवेत आहे त्याला ब्रेक काय कामाचा? एप्रिल २०१९ पासून नव्या गाड्यांना एबीएस सक्तीचं झालं हे खरं, पण एबीएसलाही टायर जमिनीवर टेकलेलाच लागतो.

आपल्याकडे ते लवकर का जातात

अल्टोसारख्या छोट्या गाडीचं चाक एका किलोमीटरमध्ये सुमारे ६०० फेरे घेतं. भंडारा ते नागपूर हे अंतर सुमारे ६० किलोमीटर. म्हणजे ताजबागला एकदा जाऊन आलात तर प्रत्येक चाकाचे ७० हजारांवर फेरे होतात आणि रस्त्याची प्रत्येक उंचसखल जागा शॉकअपला झेलावी लागते. राष्ट्रीय महामार्ग ५३ सोडून आत वळलं की तुमसर, पवनी, लाखांदूरकडच्या गावरस्त्यांवर पावसाळ्यानंतर काय हाल असतात ते सांगायला नको.

त्यात गतिरोधक. इंडियन रोड्स काँग्रेसच्या निकषाप्रमाणे तो १० सेंटिमीटर उंच आणि ३.७ मीटर रुंद, हळूच चढणारा-उतरणारा असायला हवा. गावोगावी मात्र हातभर रुंदीचा, भिंतीसारखा उभा ढिगारा असतो. गाडी त्यावरून जात नाही, आपटते.

आणि तिसरं कारण आपण स्वतः. बहुतेक हॅचबॅकच्या आरसीवर आसनक्षमता ५ लिहिलेली असते. लग्न, अकिका, उर्स आला की आपण आठ जण बसवतो आणि वर सामानही भरतो. हा जादा भार जवळजवळ सगळा मागच्या ॲक्सलवर येतो. स्प्रिंग आधीच दबलेली, म्हणून शॉकअपचा दांडा तळाला आपटतो. सीएनजीची टाकी असेल तर डिक्कीत कायमचा एक माणूस बसलाय असंच धरा.

घरच्या घरी तपासणी

खर्च शून्य, वेळ पंधरा मिनिटं.

१. गाडीच्या मागच्या एका कोपऱ्यावर दोन्ही हातांनी जोर देऊन दाबा आणि सोडा. गाडी एकदा वर येऊन स्थिर व्हायला हवी. दोन-तीनदा झुलली तर शॉकअप संपला. दोन्ही बाजूंनी करून पाहा. ही चाचणी पास झाली म्हणजे सगळं ठीक असं मात्र नाही, अर्धवट झिजलेला शॉकअप यात सुटून जातो.

२. टॉर्च घेऊन चाकामागे पाहा. नळीवर धुळीचा हलका ओलसर थर चालतो. तेलाचा ओघळ किंवा चिकट काळा चिखल असेल तर बदलण्याची वेळ झाली.

३. मागच्या टायरवरून तळहात फिरवा. रबर ठिकठिकाणी खोलगट, लाटांसारखं झिजलेलं लागलं तर चाक उड्या मारतंय. फक्त कडेने किंवा फक्त मधे झिजलं असेल तर कारण वेगळं, बहुधा हवा किंवा अलाइनमेंट.

४. रात्री गाडी चालवताना हेडलाइटचा उजेड खड्ड्यानंतर बराच वेळ वरखाली होतो का, वळणावर मागची बाजू बाहेर फेकल्यासारखी वाटते का, याकडे लक्ष द्या. मागे बसणाऱ्यांनाही विचारा. ड्रायव्हरला कळत नाही ते मागच्या सीटवरच्या अम्मीला आधी कळतं.

दोन गोष्टींत गल्लत करू नका. गाडी रिकामी असतानाही मागून बसलेली दिसते, तर दोष स्प्रिंगचा आहे आणि शॉकअप बदलून ती उचलली जाणार नाही. खट्-खट् आवाज येतो पण गाडी डोलत नाही, तर रबरी बुश फाटला असेल. ते काम थोडक्यात होतं.

किती किलोमीटरला बदलावे याचा ठाम नियम नाही. आमचं सांगणं एवढंच, ४० हजार किलोमीटर झाले की दर सर्व्हिसला वरची तपासणी करून घ्या.

निवडताना काय पाहावं

पहिली गोष्ट, नेहमी जोडी. मागचे दोन्ही एकदम, एकाच कंपनीचे, एकाच प्रकारचे. एक ताठ आणि एक ढिला असेल तर ब्रेक लावताना किंवा वळताना गाडी एका बाजूला ओढली जाते. आमच्या बाबतीत घडलं ते हेच.

दुसरी गोष्ट, तेलाचा की गॅसचा? दोन्हीत तेल असतंच. गॅसवाल्यात तेलासोबत दाबाखाली नायट्रोजन भरलेला असतो. लांबच्या खराब रस्त्यावर शॉकअप सतत हलला की साध्यात तेलाला फेस येतो आणि फेसाला जोर नसतो. नायट्रोजनच्या दाबामुळे हा फेस कमी होतो. म्हणून आपल्या रस्त्यांना गॅसवाला बरा, पण गाडीला मुळात कंपनीने जो दिला असेल त्यालाच पहिली पसंती द्या. गॅस घातल्याने गाडी उंच होईल किंवा जास्त वजन ओढेल ही आशा ठेवू नका.

तिसरी गोष्ट, पार्ट नंबर. एकाच नावाची गाडी, पण दोन वर्षांच्या मॉडेलला वेगळे शॉकअप लागू शकतात, सीएनजी मॉडेललाही. दुकानात नुसतं "स्विफ्टचे द्या" म्हणू नका. आरसी घेऊन जा आणि चेसिस नंबरवरून पार्ट जुळवून घ्या.

पर्याय बरेच आहेत. गाडीच्या कंपनीचे अस्सल पार्ट आहेतच. शिवाय गॅब्रिएल इंडिया ही १९६१ पासूनची कंपनी, तिचे कारखाने आपल्याच महाराष्ट्रात नाशिक आणि चाकणला आहेत. मनरो, केवायबी ही परदेशी नावंही बाजारात मिळतात. नावापेक्षा महत्त्वाचं म्हणजे माल खरा असणं. खोका सीलबंद आहे का, त्यावर एमआरपी, पार्ट नंबर आणि बनवल्याची तारीख आहे का ते पाहा, आणि पक्कं बिल घ्या. बिल नाही तर वॉरंटी नाही.

"जुनाच भरून देतो, निम्म्यात होईल" हा प्रस्ताव येईल. मोटारीचे बहुतेक शॉकअप सीलबंद असतात. भोक पाडून तेल भरून वेल्डिंग केलेला शॉकअप बाहेरून रंगवला की नवा दिसतो, पण झडपा जुन्याच राहतात. कुटुंब बसवायच्या गाडीला तो नको. स्प्रिंगच्या वेटोळ्यात घालायचे रबरी बफर मिळतात, त्यांनी गाडी थोडी उचलली जाते, पण झिजलेल्या शॉकअपची जागा ते घेऊ शकत नाहीत.

बदलण्याचं काम

बऱ्याच हॅचबॅकमध्ये मागे स्प्रिंग वेगळी आणि शॉकअप वेगळा असतो. त्यामुळे पुढच्यापेक्षा हे काम सोपं. हात चालत असेल तर घरीही होतं, नाहीतर मिस्त्री बरोबर करतोय की नाही हे पाहायला तरी ही माहिती उपयोगी पडेल. शॉकअपवरच स्प्रिंग चढवलेली असेल तर मात्र घरी हात लावू नका. दबलेली स्प्रिंग सुटली तर जीव जाऊ शकतो.

आदल्या संध्याकाळी गंजलेल्या बोल्टांवर गंज सोडवणारं तेल मारून ठेवा. गाडी सपाट, टणक जागी उभी करा, गिअरमध्ये टाका आणि पुढच्या चाकांना ओट लावा. चाकाचे नट जमिनीवर असतानाच थोडे सैल करा. जॅकने उचलून खाली लोखंडी स्टँड लावा. नुसत्या जॅकवर किंवा विटांच्या ढिगावर गाडी ठेवून खाली जाणं म्हणजे मौतीला दावत.

आता दुसरा जॅक ॲक्सलखाली हलकेच टेकवा. ॲक्सल किती खाली लोंबावं हे शॉकअपच ठरवत असतो. आधार न देता तो सोडला तर ॲक्सल खाली पडतं, ब्रेकचा पाइप ताणला जातो आणि स्प्रिंग निसटते. एका वेळी एकच बाजू करा.

खालचा बोल्ट ॲक्सलवर असतो. वरचा काही गाड्यांत चाकाच्या वर, काहींत डिक्कीच्या अस्तरामागे असतो. वरचा नट फिरवताना दांडाही फिरतो. तेव्हा दांड्याला पक्कड लावू नका. चमकत्या दांड्यावर एक ओरखडा उठला की नवं सील महिन्याभरात फाटतं. टोकाला पाना लावायची खाच असते, तिथेच धरा.

नवा शॉकअप जुन्याशेजारी ठेवून लांबी आणि डोळ्यांचा आकार जुळवा. मग उभा धरून चार-पाच वेळा पूर्ण दाबा आणि ओढा, म्हणजे आडवं ठेवल्यामुळे आत शिरलेली हवा निघते. दांड्यावरचा बंप स्टॉप आणि धुळीचं कव्हर फाटलं असेल तर नवं घाला. थोड्या पैशांसाठी जुनं चढवू नका.

शेवटचा मुद्दा गडबडीत हमखास सुटतो. रबरी बुशाचा बोल्ट चाक हवेत लोंबत असताना पूर्ण आवळू नये. तसं केलं तर गाडी खाली आल्यावर रबर कायमचं पिळलेलं राहतं आणि लवकर फाटतं. आधी हलकं घट्ट करा, गाडीचं वजन चाकांवर आलं की मग कंपनीने सांगितलेल्या जोराने आवळा. शंभरेक किलोमीटरनंतर पुन्हा एकदा पाना लावून पाहा.

मागे असं साधं ॲक्सल असेल तर शॉकअप बदलल्यावर सहसा अलाइनमेंटची गरज नसते. पुढचे बदलले तर करावीच लागते. बिलात उगाच ती रक्कम दिसली तर विचारा. काढलेला जुना शॉकअप तापवू किंवा कापू नका, आत दाबाचा गॅस असू शकतो. सांडलेलं तेल नालीत टाकू नका. ती नाली शेवटी आपल्या वैनगंगेलाच मिळते.

अमानत दोन्हीकडची

आपल्यातली कितीतरी मुलं गॅरेजात आणि पार्टच्या दुकानात हलालची रोजी कमावतात. त्यांनाही एक विनंती. मापात कमी देणं हा जसा गुन्हा, तसंच चांगला पार्ट खराब म्हणून काढणं किंवा नकली पार्ट अस्सल म्हणून चढवणं. ग्राहकाला जुना पार्ट दाखवा, परत द्या, आणि "एकच बदला" असा सल्ला देऊन त्याला खूश करू नका. ग्राहकानेही प्रामाणिक मिस्त्रीच्या मजुरीत घासाघीस करू नये.

आधी उंट बांधा, मग तवक्कुल करा, ही शिकवण आपण मुलांना लहानपणापासून देतो. गाडीत बसताना सफरची दुआ आपण पढतोच. त्याआधी एकदा मागच्या कोपऱ्यावर हात ठेवून गाडी दाबून पाहा. आमच्या घरी आता लांब जायचं ठरलं की अम्मीच विचारते, "बघितलं का रे मागचं?" भाऊ हसतो, पण टॉर्च घेऊन खाली वाकतो.