कुलुपातली मराठी

गुप्तलिपी म्हटले की दुसरे महायुद्ध आणि जर्मनांचे 'एनिग्मा' यंत्र आठवते. पण आपल्या मराठीचाच एक मोठा ठेवा कित्येक शतके सांकेतिक लिपीत बंद होता, हे आपल्यापैकी कितीजणांना ठाऊक आहे?

हा ठेवा महानुभाव पंथाचा. श्रीचक्रधरस्वामींच्या आठवणी म्हाइंभटांनी तेराव्या शतकाच्या अखेरीस 'लीळाचरित्रा'त गोळा केल्या. मराठी गद्यातला हा आद्य चरित्रग्रंथ. पुढे पंथीयांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत उतरवले. किल्ली गुरूकडून शिष्याकडे जाई, परक्याला ती मिळत नसे.

अशा लिपीत ठरलेल्या अक्षराऐवजी दुसरे अक्षर किंवा चिन्ह लिहितात. समजा, प्रत्येक व्यंजनाच्या जागी वर्णमालेतले पुढचे व्यंजन घेतले, तर 'मराठी'चे 'यलाडी' होईल. (उदाहरण आमचे, सकळ लिपीचे कोष्टक निराळे.)

हे कुलूप उघडण्याची युक्ती आपल्या या आखाती शेजारातलीच. नवव्या शतकात बगदादच्या अल-किंदी या अरब पंडिताने ती लिहून ठेवली. प्रत्येक भाषेत काही अक्षरे वारंवार येतात. मजकुरातली चिन्हे मोजा, की कोणते चिन्ह कशाचे याचा अंदाज येतो. एनिग्मात मात्र प्रत्येक अक्षरागणिक चक्र फिरून कोष्टकच बदले, त्यामुळे नुसती मोजणी चालेना. १९३२ साली पोलंडचे गणिती मारियन रेयेव्स्की यांनी गणिताच्या बळावर त्या यंत्राची आतली जोडणी शोधली. पुढे इंग्लंडच्या ब्लेचली पार्कमध्ये अ‍ॅलन ट्युरिंग व सहकाऱ्यांनी हे काम तडीस नेले.

आपले कुलूप विसाव्या शतकाच्या आरंभी उघडले. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी या लिपीचा उलगडा केला. पंथातील महंतांनीही अभ्यासकांना साह्य केले. डॉ. वि. भि. कोलते यांनी संपादिलेले 'लीळाचरित्र' १९७८ साली महाराष्ट्र राज्य साहित्य संस्कृती मंडळाने प्रसिद्ध केले.

ग्रंथ टिकले, कारण किल्ली सांभाळणारी माणसे पिढ्यान् पिढ्या होती. याच्या उलट मोडीचे झाले. मोडी कधीच गुप्त नव्हती, जमाखर्च अन् खरेदीखते तिच्यातच होत. शाळेतून ती गेली आणि आज पणजोबांचे कागद आपल्यालाच वाचता येत नाहीत!

ओल्ड एअरपोर्टच्या आपल्या घरांतून मुले मराठी छान बोलतात, पण वाचायला दिले की अडखळतात. आणखी एका पिढीने आजीचे पत्रही सांकेतिक होईल. म्हणून आम्ही सुचवतो, दर शुक्रवारी फक्त पंधरा मिनिटे मुलांकडून मराठी मोठ्याने वाचून घ्यावे.

सुरुवातीला हे कोडे द्या. वरच्याच किल्लीने उघडते: पयह्खाल!