वरच्या मजल्यावर काळ जरा पुढे धावतो

काळात मागेपुढे सरकणारी इमारत विज्ञानकथांच्या वाचकांना नवी नाही. ब्रिटिश मालिका ‘डॉक्टर हू’मधली ‘टार्डिस’ १९६३पासून पोलिसांच्या निळ्या खोक्याचं रूप घेऊन हाच उद्योग करते आहे. पदार्थविज्ञानही ही कल्पना हसण्यावारी नेत नाही. ते फक्त दोन अटी घालतं: प्रवास भविष्याच्याच दिशेनं होईल आणि इमारत भयंकर जड असावी लागेल.

या अटींचं मूळ आइन्स्टाइनच्या सापेक्षतावादात आहे. जड वस्तूच्या जितकं जवळ जावं, तितका काळ सावकाश चालतो. म्हणजे तळमजल्यावरचं घड्याळ गच्चीवरच्या घड्याळापेक्षा किंचित मागे पडतं. घड्याळात बिघाड नसतो. तिथला काळच मंद असतो. या अर्थानं प्रत्येक उंच इमारत थोडीफार काळात सरकतेच.

हे पहिल्यांदा नीट मोजलं गेलं तेही एका इमारतीतच. रॉबर्ट पाउंड आणि ग्लेन रेबका यांनी हार्वर्ड विद्यापीठाच्या जेफरसन प्रयोगशाळेचा मनोरा निवडला. अवघ्या २२.५ मीटर अंतरात त्यांनी गॅमा किरण सोडले. वाटेतल्या हवेनं ते शोषून घेऊ नयेत, म्हणून मनोऱ्यात हेलियम भरलेली लांबलचक पिशवी उभी केली. काळाच्या या तफावतीमुळे किरणांच्या वारंवारतेत अपेक्षित फरक होता सुमारे ४०० लाख कोटींत एक भाग. १९६०मध्ये त्यांनी तो सापडल्याचं जाहीर केलं.

टोकियोत यापुढची मजल मारली गेली. तिथला ‘स्कायट्री’ हा मनोरा ६३४ मीटर उंच आहे. हिदेतोशी कातोरी आणि सहकाऱ्यांनी एक घड्याळ पायथ्याशी आणि दुसरं ४५० मीटरवरच्या प्रेक्षक-सज्जात ठेवलं. या घड्याळांत काटे नसतात. लेझर किरणांच्या जाळीत, अंड्यांच्या ट्रेमध्ये अंडी बसावीत तसे, स्ट्रॉन्शियमचे अणू बसवलेले असतात. ते शोषतात त्या लाल प्रकाशाची सेकंदाला सुमारे ४२९ लाख कोटी आंदोलनं होतात. तीच या घड्याळाची टिकटिक. २०२०मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाला: वरचं घड्याळ दिवसाला ४.२६ नॅनोसेकंद पुढे जातं. या हिशेबानं वरची मंडळी एका सेकंदानं पुढे जायला ६ लाख ४० हजार वर्षं लागतील.

एवढ्याशा फरकासाठी हा खटाटोप कशाला? कारण तो उलटाही वाचता येतो. दोन घड्याळांतला फरक कळला, की दोन ठिकाणांच्या उंचीतला फरक कळतो. ज्वालामुखीखाली शिलारस साचून जमीन काही सेंटिमीटर उचलली गेली, तर अशी घड्याळं ते सांगू शकतील. २०२२मध्ये अमेरिकेत जून ये यांच्या गटानं तर एका मिलिमीटरच्या उंचीतही काळाचा फरक टिपला.

इथे आपल्याला पुराणातली एक गोष्ट आठवेल. राजा ककुद्मी मुलगी रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला. तिथे गायन चालू होतं, म्हणून तो क्षणभर थांबला. तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली. कल्पना भन्नाट आहे, पण स्कायट्रीचा हिशेब नेमका उलटा आहे. नुसतं उंच जाऊन थांबलं, तर आपलाच काळ भराभर सरतो. पृथ्वीवरच्यांना मागे टाकून भविष्य गाठायचं, तर प्रचंड वस्तुमानाच्या जवळ जायला हवं.

प्रिन्स्टनचे खगोलशास्त्रज्ञ रिचर्ड गॉट यांनी अशी एक वास्तू कल्पिली आहे. गुरू ग्रहाएवढं वस्तुमान दाबून त्याचा पोकळ गोल करायचा. त्याचा व्यास सहा मीटरांहून किंचित कमी ठेवला, तर आतल्या एका वर्षात बाहेर पाच वर्षं सरतील. गंमत अशी, की आतला माणूस चिरडणार नाही. पोकळ गोलाच्या आत सगळ्या बाजूंच्या ओढी एकमेकींना निष्प्रभ करतात. तो नुसता तरंगत राहील. अडचण बांधकामाची आहे. स्वतःच्या भारानं कोसळणारा हा गोल सावरून धरेल असा पदार्थ आपल्याकडे नाही.

आणि भूतकाळ? आइन्स्टाइनच्या समीकरणांतून मागे वळणाऱ्या काही वाटा कागदावर निघतात खऱ्या. पण निसर्ग त्या प्रत्यक्षात खुल्या होऊ देत नसावा, असा तर्क स्टीफन हॉकिंग यांनी १९९२मध्ये मांडला. तो अजून सिद्ध झालेला नाही, खोटाही ठरलेला नाही. तोवर गॉट यांच्या गोलात मुक्कामाला जाणाऱ्यानं घरच्यांचा रीतसर निरोप घ्यावा आणि मृत्युपत्रही करून ठेवावं. पाच वर्षांनी बाहेर येईल तेव्हा जग पंचवीस वर्षं पुढे गेलेलं असेल आणि ती वीस वर्षं कुणीही भरून देणार नाही.